ऑक्टोबरात फुटलेला बर्फ : हॅली बेच्या एम्परर पेंग्विनांचं प्रकरण

अंटार्क्टिकातले एम्परर पेंग्विन मोजायचे असले की आज अभ्यासक आधी त्यांची घाण शोधतात. एकटादुकटा पक्षी उपग्रहाच्या साध्या चित्रात दिसत नाही. पण हजारो पक्षी एकाच जागी महिनोन्‌महिने उभे राहिले की विष्ठेचा तपकिरी डाग पडतो, आणि पांढऱ्याशुभ्र किनाऱ्यावर तो लपत नाही. २००९ साली ब्रिटिश अंटार्क्टिक सर्व्हेच्या पीटर फ्रेटवेल आणि फिल ट्रेथन यांनी लँडसॅट उपग्रहांची चित्रं घेऊन असे डाग हुडकत सगळा किनारा पालथा घातला. ३८ वसाहती सापडल्या. त्यातल्या १० आधी कोणाला माहीतच नव्हत्या.

दहा वर्षांनी, २०१९ मध्ये, याच दोघांनी एक डाग कसा पुसला गेला ते मांडलं. वेडेल समुद्राच्या काठी हॅली बे नावाची जागा आहे. जगातली दुसऱ्या क्रमांकाची एम्परर वसाहत तिथे होती. दर हंगामाला १४,००० ते २५,००० जोड्या तिथे जमत, म्हणजे त्या काळच्या अंदाजाने जगातल्या सगळ्या एम्पररांपैकी ५ ते ९ टक्के. २०१६, २०१७ आणि २०१८ अशी तीन वर्षं ओळीने तिथे जवळपास एकही पिल्लू वाढून समुद्रात उतरलं नाही. एखादा हंगाम वाईट जाणं एम्पररांना नवीन नाही. पण तीन वर्षं सलग हात रिकामे, असं तिथल्या आजवरच्या नोंदींत कधी घडलं नव्हतं.

या पक्ष्याबद्दल वाचताना आपल्यापुढे नेहमी थंडी येते. उणे पन्नास, हिमवादळ, आणि पायांवर अंडं सांभाळत उभा असलेला बाप. चित्र खरंच आहे. पण हॅली बेच्या प्रकरणात थंडी आरोपी नाही. थंडीला पुरून उरेल अशी सगळी तयारी या पक्ष्याकडे होती. घात झाला तो पायाखालच्या बर्फाची मुदत दोन महिने आधी संपल्यामुळे. ते समजायला आधी ही जागा आणि या पक्ष्याचं वेळापत्रक, दोन्ही नीट बघावं लागतं.

जागा

हॅली बे आहे ब्रंट आइस शेल्फच्या कडेला, ७५ अंश दक्षिण अक्षांशाच्या थोडं पुढे. जमिनीवरच्या बर्फाचा थर सरकत सरकत समुद्रापर्यंत येतो आणि तिथे न तुटता पाण्यावर तरंगत पुढे जातो, त्याला आइस शेल्फ म्हणायचं. ब्रंटची जाडी दीडशे मीटरच्या आसपास आहे. समुद्राकडची त्याची बाजू म्हणजे बर्फाचा उभा कडा. ही कड सरळ नाही, तिला ठिकठिकाणी खाचा आहेत, खाडीसारख्या आत शिरलेल्या. हिवाळ्यात या खाचांमधला समुद्र गोठतो आणि दोन्ही बाजूंच्या कड्यांना घट्ट धरून बसतो. मोकळ्या समुद्रावरचा बर्फ वाऱ्याबरोबर वाहत असतो, हा मात्र हलत नाही. याला आपण किनारी बर्फ म्हणू. हॅली बेची सगळी वसाहत या किनारी बर्फावर होती. तिच्याखाली माती नव्हती, खडक नव्हता, होता तो गोठलेला समुद्र आणि त्याच्याखाली न गोठलेला.

ही काही हॅली बेचीच खासियत नाही. बहुतेक एम्परर वसाहती अशाच किनारी बर्फावर असतात, आणि यातले कित्येक पक्षी जन्मभर मातीवर पाय ठेवत नाहीत. घरटं नाही. दगडगोटे गोळा करणं वगैरे त्यांच्या ॲडेली जातीच्या चुलतभावांचं काम. एम्पररचं घर म्हणजे त्याचे स्वतःचे दोन पाय.

(मुंबईत राणीच्या बागेत जे पेंग्विन आहेत ते हम्बोल्ट. पेरू आणि चिलीच्या किनाऱ्यावरचे, चारेक किलोचे. एम्परर साधारण सव्वा मीटरपर्यंत उंच आणि भरात असताना चाळीस किलोच्या घरात. पेंग्विनांमध्ये त्याच्याहून मोठा आज कोणी नाही.)

खाचेत राहण्याचे फायदे उघड आहेत. कड्याचा आडोसा मिळतो, वारा थोडा अडतो, बर्फ सपाट असतो. बर्फाच्या भेगांमधून किंवा कडेच्या मोकळ्या पाण्यातून शिकारीला उतरता येतं. एक अट मात्र आहे: हा बर्फ एप्रिलच्या सुमाराला उभं राहण्याइतका पक्का व्हायला हवा आणि डिसेंबरपर्यंत टिकायला हवा. भाड्याच्या घरासारखं आहे हे. घर चांगलं आहे की नाही हा प्रश्न नंतरचा, आधी करार किती महिन्यांचा ते बघायचं.

उलटं मोजलेलं वेळापत्रक

दक्षिण गोलार्धात आपला उन्हाळा तो त्यांचा हिवाळा. बाकीचे पक्षी अंटार्क्टिक सोडून उत्तरेला जात असतात तेव्हा, मार्च-एप्रिलमध्ये, एम्परर दक्षिणेला येतात. जोड्या जुळतात. मे-जूनमध्ये मादी एकच अंडं घालते, साधारण साडेचारशे ग्रॅमचं. हॅलीला तोवर सूर्य मावळलेला असतो आणि शंभरएक दिवस तो पुन्हा उगवत नाही.

मग होते ती अंड्याची देवघेव. मादीने अंडं बर्फावर पडू न देता पायांवर झेललेलं असतं आणि पोटाच्या खालच्या कातडीच्या घडीने झाकलेलं असतं. ते आता नराला द्यायचं. दोघं समोरासमोर येतात, पोटाला पोट लागेल इतके जवळ. मादी पाय फाकवून अंडं खाली सोडते, नर चोचीने ते आपल्या पायांवर ओढून घेतो आणि घडी खाली घेतो. या अदलाबदलीत अंडं बर्फावर घरंगळलं आणि उचलायला उशीर झाला तर आतला जीव गोठतो. दुसरं अंडं त्या वर्षी नाही. नवख्या जोड्यांची अंडी इथेच जास्त फुकट जातात.

अंडं दिल्यावर मादी समुद्राकडे निघते. तिने बरेच दिवस काही खाल्लेलं नसतं आणि अंडं घडवण्यात अंगातली चरबीही खर्ची पडलेली असते. नर साधारण ६४ दिवस अंडं घेऊन उभा राहतो. वसाहतीत आल्यापासून मोजलं तर त्याचा उपास जवळजवळ चार महिन्यांचा होतो आणि वजन चाळीस टक्क्यांच्या आसपास उतरतं. जुलैच्या अखेरीस, ऑगस्टमध्ये पिल्लू बाहेर येतं. आई वेळेवर पोचली नाही तर हा चार महिन्यांचा उपाशी बाप अन्ननलिकेतून दुधासारखा स्राव काढून पिल्लाला भरवतो. तेवढ्यावर ते थोडे दिवस तग धरतं. मग आई येते, हजारो आवाजांमधून नराचा आवाज ओळखते, पिल्लू ताब्यात घेते, आणि नर खायला जातो. तिथून पुढे पाळ्या.

सप्टेंबरमध्ये पिल्लं पायांवर मावेनाशी होतात. ती एकत्र जमून उभी राहू लागतात आणि आईबाप दोघंही समुद्रावर जाऊ लागतात, कारण एकाच्या फेऱ्यांनी आता पोट भरत नाही. या काळात पिल्लाच्या अंगावर करडी लव असते. उबेला ती उत्तम, पाण्यात कुचकामी. भिजली की संपलं. पाणी न शिरणारी खरी पिसं यायला नोव्हेंबर-डिसेंबर उजाडतो.

एवढा उपद्व्याप भर हिवाळ्यात का, हे कोडं मागून पुढे वाचलं की सुटतं. ॲडेली पेंग्विन नोव्हेंबरमध्ये अंडी घालतो आणि फेब्रुवारीपर्यंत पिल्लं मार्गी लावतो. लहान जीव, लहान हिशेब. एम्पररचं पिल्लू मोठं. उबवणीचे दोन महिने आणि वाढीचे जवळपास पाच, म्हणजे सात महिने झाले. अंटार्क्टिकचा उन्हाळा काही सात महिन्यांचा नसतो. पिल्लू पहिल्यांदा समुद्रात पडेल तेव्हा पाणी जवळ असावं आणि मासळी आणि क्रिल, म्हणजे कोळंबीसारखे बारीक जीव, मुबलक असावेत, तर तो दिवस डिसेंबर-जानेवारीतला हवा. लग्नाचा मुहूर्त आधी पक्का करून साखरपुड्याची तारीख मागे मोजत यावं तसं हे आहे. मागे मोजत गेलं की अंड्याची तारीख पडते मे-जूनमध्ये, ऐन अंधारात.

या हिशेबाला शिल्लक नाही. सुरुवातीला बर्फ धरायला उशीर झाला किंवा शेवटी तो लवकर सुटला, तर पक्षी आपली तारीख पुढेमागे सरकवू शकत नाही.

थंडीचा बंदोबस्त

आता थंडीकडे येऊ, कारण तो भाग सोडवत नाही. हॅलीला हिवाळ्यात तापमान बहुतेक वेळ उणे २० च्या खाली असतं आणि टोकाला उणे ५५ च्या आसपास जातं. पक्ष्याच्या आतलं तापमान मात्र आपल्याहून जरा जास्तच, ३८-३९ अंश. म्हणजे कातडीच्या दोन बाजूंना नव्वदेक अंशांचा फरक.

हा फरक झेलतात ती दाट पिसं, त्यांच्या बुडाशी असलेली लव आणि कातडीखालची चरबी. स्कॉटिश संशोधकांनी उष्णता टिपणाऱ्या कॅमेऱ्याने एम्पररची चित्रं घेतली तेव्हा मजेशीर गोष्ट दिसली: उघड्या आभाळाखाली उभ्या पक्ष्याची वरची पिसं भोवतालच्या हवेपेक्षाही थंड होती. आतली ऊब बाहेर पोचतच नव्हती आणि पृष्ठभाग आभाळाकडे उष्णता सोडून आणखी गार होत होता. उबदार दिसत होते ते फक्त डोळे, चोच, पाय असे उघडे भाग. पायांचीही सोय आहे. पायाकडे जाणाऱ्या गरम रक्ताच्या नळ्या परत येणाऱ्या गार रक्ताच्या नळ्यांना लागून असतात, त्यामुळे ऊब वाटेतच परत वळवली जाते आणि पाय गोठणबिंदूच्या जरा वर राहतात. बर्फावर उभं राहून बर्फ वितळवण्यात ऊब घालवणं परवडणारं नाही.

तरी एकट्या पक्ष्याला हा हिवाळा निभत नाही. नर घोळका करतात. घोळका घट्ट असला की एका चौरस मीटरमध्ये दहा पक्षी मावतात. गर्दीच्या वेळी मुंबई लोकलच्या डब्यात एका चौरस मीटरमध्ये चौदा ते सोळा माणसं उभी असतात असं रेल्वेचंच मोजमाप आहे, म्हणजे दाटीत आपण एम्पररला मागे टाकलंय. फरक असा की त्यांच्या गर्दीत कोणी दारात लटकून राहत नाही. २०११ साली जर्मन संशोधकांनी अंटार्क्टिकातल्याच अट्का बेच्या वसाहतीची ठरावीक अंतराने काढलेली चित्रं जोडून पाहिली. घोळका वरवर स्तब्ध, पण दर तीस ते साठ सेकंदांनी एखादा पक्षी पाच-दहा सेंटिमीटरचं पाऊल टाकतो, मग त्याचा शेजारी, मग त्याच्या शेजारचा. लाट सरकावी तशी ही हालचाल घोळकाभर पसरते. गर्दी आवळली जाते, पुढे सरकते, आणि कडेचे हळूहळू आत, आतले बाहेर असे फिरत राहतात. आत ऊब इतकी साठते की हवेचं तापमान ३७ अंशांवर गेल्याचंही मोजलं गेलंय. तेवढं झालं की पक्षी गरमीने कासावीस होऊन घोळका मोडतात.

हे सगळं अंड्याला पायांवर तोलत चाललेलं असतं. पाऊल दहा सेंटिमीटरचं का, हे वेगळं सांगायला नको.

माणसाला या थंडीत काय झेपतं याचा एक जुना दाखला आहे. १९११ च्या हिवाळ्यात, दक्षिण ध्रुव गाठायला निघालेल्या ब्रिटिश कॅप्टन स्कॉटच्या मोहिमेतले विल्सन, बॉवर्स आणि चेरी-गॅरार्ड हे तिघं फक्त एम्पररची अंडी आणायला केप क्रोझियरला गेले. अंधार, उणे ६० अंश, तंबू वाऱ्याने उडवून नेलेला. पाच अंडी उचलली, दोन वाटेत फुटली, तीन लंडनच्या नॅचरल हिस्टरी म्युझियमला पोचली. त्या भ्रूणांत सरपटणाऱ्या प्राण्यांच्या खवल्यांपासून पिसांपर्यंतचा प्रवास दिसेल अशी आशा होती. ती फळली नाही. ज्या पाच आठवड्यांत तिघांची अशी दशा झाली, तेवढ्या दिवसांत जागेवर उभ्या नर एम्पररची उबवणी निम्म्याच्या थोडीच पुढे गेलेली असते.

२०१५ ते २०१८

२०१५ साली प्रशांत महासागरात प्रचंड एल निनो उठला होता. आपल्याकडे त्या वर्षीचा मान्सून तुटीचा गेला, मराठवाडा कोरडा पडला, आणि एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी न्यावं लागलं. फ्रेटवेल-ट्रेथन यांच्या मांडणीत तो एल निनो साठ वर्षांतला सर्वात जोरकस होता, आणि वेडेल समुद्राच्या या कोपऱ्यात २०१५ च्या सप्टेंबरमधला वादळी काळ त्याच्याशी जुळतो. जोराचे वारे होते आणि स्थानिक समुद्री बर्फ विक्रमी कमी होता. खाचांमधला बर्फ फुटला.

किनारी बर्फ फुटायला तो वितळावाच लागतो असं नाही. त्याच्यापुढे समुद्रावर तरंगत्या बर्फाचा रुंद पट्टा असतो तोवर लाटांचा जोर त्या पट्ट्यातच जिरतो. पट्टा विरळ झाला की मोकळ्या समुद्राची लाट थेट किनारी बर्फाला येऊन भिडते, त्याला खालून उचलते, वाकवते, आणि तडे जातात. त्यात जमिनीकडून समुद्राकडे वाहणारा वारा असला तर तुटलेले तुकडे परत जागेवर येत नाहीत.

एक वर्ष असं गेलं असतं तर वसाहत सावरली असती. इथे मात्र बिघडलेली घडी बसेना. खाचांमध्ये बर्फ पुन्हा धरायचा, पक्षी यायचे, अंडी व्हायची, नर हिवाळा काढायचे, पिल्लं निघायची. म्हणजे वर सांगितलेला सगळा कठीण भाग व्यवस्थित पार पडायचा. आणि २०१६ च्या ऑक्टोबरमध्ये बर्फ फुटला. २०१७ मध्ये पुन्हा, २०१८ मध्ये पुन्हा.

ऑक्टोबरमधलं पिल्लू अडीचएक महिन्यांचं असतं. अंगावर लव. पाण्यात पडलं तर लव भिजते, पोहणं येत नाही, चढून यायला कड नाही. तुटलेल्या तुकड्यावर राहिलंच तर तो तुकडा वाहत जातो आणि आईबाप अन्न घेऊन येतात ती जागा वेगळी असते. मोठ्या पक्ष्यांना यात काही होत नाही. ज्या पाण्यात पिल्लं बुडतात ते त्यांचं रोजचं पाणी आहे. एम्पररने ५०० मीटरच्या खाली आणि अर्ध्या तासाच्या वर बुडी मारल्याच्या नोंदी आहेत. म्हणून वसाहत एका दिवसात मेली नाही. मोठे पक्षी राहिले, पुढच्या वर्षी काही परत आले, पुन्हा रिकाम्या हाताने गेले. २०१८ पर्यंत हॅली बेचा डाग जवळजवळ नाहीसा झाला होता.

गेले कुठे?

हॅली बेच्या ५५ किलोमीटर दक्षिणेला डॉसन-लॅम्बटन हिमनदीच्या तोंडाशी एक लहान वसाहत होती. त्याच तीन वर्षांत तिथली संख्या दहापटीहून जास्त झाली. एका जोडीला वर्षाला एक पिल्लू, तेही वाचलं तर. इतक्या वेगाने वाढ पिलावळीतून होणं शक्यच नाही. बाहेरून पक्षी आले, आणि आसपास हजारोंनी घर सोडणारी वसाहत एकच होती.

यातून दोन गोष्टी कळल्या. एक, एम्परर जन्मजागेला जीव गेला तरी चिकटून राहतो हा समज खरा नाही. त्याला घरटं नाही, मालकीची जागा नाही, जोडीदारसुद्धा बहुतेक वेळा दरवर्षी नवा. दूरदूरच्या वसाहतींमधल्या पक्ष्यांच्या जनुकांतही मिसळ दिसते, ती काही उगाच नाही. दोन, हलायला त्याला वेळ लागतो, आणि त्या वेळात हंगाम वाया जातात.

डॉसन-लॅम्बटनचा आकडा पुढे करून 'पेंग्विन मेले नाहीत, फक्त स्थलांतरित झाले' असं बऱ्याच ठिकाणी लिहिलं गेलं. अर्धंच खरं आहे. मोठे पक्षी गेले तिकडे, पण सगळे मावले असं संख्या सांगत नाही. आणि पिल्लांच्या तीन तुकड्या गेल्या त्या गेल्याच. एम्पररला पहिल्यांदा अंडं घालायला पाच-सहा वर्षं लागतात. २०१६ ची पिल्लं जगली असती तर ती २०२१-२२ च्या सुमाराला जोडीला उभी राहिली असती. त्यामुळे २०१६ च्या ऑक्टोबरचा फटका मोजायला २०१६ चं चित्र पुरत नाही.

त्याच शेल्फवरचे दुसरे भाडेकरू

ब्रंट आइस शेल्फवर पेंग्विनांशिवाय माणसंही राहतात. १९५६ मध्ये ब्रिटिशांनी इथे हॅली स्थानक उभारलं. १९८५ साली फार्मन, गार्डिनर आणि शँकलिन यांनी ओझोनच्या थराला पडलेलं भगदाड जाहीर केलं ते याच स्थानकाच्या नोंदींवरून. पहिली चार हॅली स्थानकं बर्फाखाली गाडली गेली. आपलंही असं झालं होतं: १९८३-८४ मध्ये आइस शेल्फवर बांधलेलं दक्षिण गंगोत्री काही वर्षांतच बर्फात बुडालं, आणि मग 'मैत्री' खडकावर बांधलं. गोव्यात वास्कोला ज्या संस्थेतून आपल्या अंटार्क्टिक मोहिमांचा कारभार चालतो, तिथल्या लोकांना शेल्फवर घर बांधणं म्हणजे काय ते चांगलं ठाऊक आहे. ब्रिटिशांनी वेगळा तोडगा काढला. हॅलीचं सहावं स्थानक हायड्रॉलिक पायांवर आणि स्कींवर उभं आहे, ओढून नेता येतं.

ते ओढायची वेळ आलीच. शेल्फमधली एक जुनी, कित्येक वर्षं निपचित पडलेली भेग पुन्हा वाढू लागली होती, म्हणून २०१६-१७ च्या उन्हाळ्यात सगळं स्थानक २३ किलोमीटर आत नेलं. हलवाहलव व्हायच्या आधीच ऑक्टोबर २०१६ च्या अखेरीस दुसरीकडे नवीन भेग सापडली. ऐन हिवाळ्यात काही झालं तर सुटका करता येणार नाही म्हणून २०१७ पासून हिवाळ्यात तिथे कोणीच राहत नाही. म्हणजे पेंग्विनांची पिल्लं बुडाली त्याच महिन्यात, त्याच शेल्फवर माणसांनीही आपलं बिऱ्हाड हलवायची तयारी चालवली होती.

इथे एक गल्लत टाळायला हवी. शेल्फच्या भेगा आणि समुद्री बर्फाचं फुटणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. शेल्फचे तुकडे पडणं ही त्याची नेहमीची रीत, आणि ब्रंटच्या भेगांमागे हवामानबदल असल्याचा पुरावा नाही असं खुद्द ब्रिटिश अंटार्क्टिक सर्व्हे सांगतो. जानेवारी २०२३ मध्ये ती जुनी भेग आरपार गेली आणि १,५५० चौरस किलोमीटरचा, म्हणजे गोव्याच्या चाळीस टक्क्यांहून मोठा हिमनग सुटला. पेंग्विनांच्या खाचा होत्या त्या भागातला किनाराच त्यामुळे बदलला. पण वसाहत त्याच्या आधी सहा वर्षं मोडली होती, ती समुद्री बर्फामुळे.

पुढे काय झालं

हॅली बे बराच काळ अपवाद वाटत होता. मग २०२२ आलं. त्या वर्षी अंटार्क्टिक द्वीपकल्पाच्या पश्चिमेला बेलिंग्सहाउसेन समुद्रात बर्फ फार लवकर गेला. तिथल्या पाच वसाहतींपैकी चारांमध्ये एकही पिल्लू तगलं नाही. फक्त रॉथ्सचाइल्ड बेटाजवळची वाचली. एका मोठ्या प्रदेशात एका हंगामात एवढं अपयश पहिल्यांदाच नोंदलं गेलं. २०२३ च्या फेब्रुवारीत अंटार्क्टिक समुद्री बर्फ उपग्रहांच्या नोंदीतल्या सर्वात खालच्या पातळीवर गेला आणि त्याच वर्षीच्या हिवाळ्यातही तो धड वाढला नाही. २०२५ मध्ये फ्रेटवेल आणि सहकाऱ्यांनी वेडेल समुद्र, द्वीपकल्प आणि बेलिंग्सहाउसेन या पट्ट्यातल्या वसाहतींची मोजणी मांडली: २००९ ते २०२४ या पंधरा वर्षांत संख्या २२ टक्क्यांनी उतरली.

संरक्षणाचं म्हणाल तर अमेरिकेने २०२२ मध्ये एम्पररला धोक्यातल्या जातींच्या कायद्याखाली घेतलं. त्याच वर्षी बर्लिनला अंटार्क्टिक करारातल्या देशांची बैठक झाली, तिथे त्याला खास संरक्षित जात ठरवण्याचा प्रस्ताव चीनच्या विरोधामुळे अडला. या करारात निर्णय एकमतानेच होतात. अर्थात प्रस्ताव मंजूर झाला असता तरी त्याने बोटी, विमानं आणि पर्यटक लांब ठेवता आले असते. बर्फ डिसेंबरपर्यंत धरून ठेवायची सोय कुठल्याच ठरावात नाही.

हॅली बेच्या उरलेल्या पक्ष्यांचा पत्ता २०२४ च्या जानेवारीत लागला, तोही डागावरूनच. फ्रेटवेल यांनी नव्या चित्रांत चार अनोळखी वसाहती शोधल्या, ज्ञात वसाहतींचा आकडा ६६ वर गेला. त्याच मांडणीत असंही आलं की हॅली बेचे काही पक्षी तीसेक किलोमीटर पूर्वेला सरकून मॅकडोनाल्ड आइस रम्पल्सपाशी जमलेत. रम्पल्स म्हणजे शेल्फचा तळ जिथे समुद्रतळाच्या उंचवट्यावर टेकतो ती खडबडीत जागा. शेल्फला तिथे खुंटा मिळतो.

एप्रिलमध्ये पक्षी तिथे पोचतात तेव्हा दिवस मावळतीला लागलेला असतो. हॅली स्थानकात त्या वेळी माणूस नसतो, एक छोटं टर्बाइन आपोआप उपकरणं चालू ठेवत असतं. उपग्रहाचा कॅमेराही अंधारात आंधळा. अंडी, देवघेव, घोळके, सगळं कोणी न बघता होतं. ऑगस्टमध्ये सूर्य क्षितिजावर येतो, आणखी थोड्या दिवसांनी पहिली उजळ चित्रं येतात, आणि मग कोणीतरी पडद्यावर ती मोठी करून तपकिरी डाग कुठे पडलाय, आणि त्याच्या भोवतीचा बर्फ अजून जागेवर आहे का, ते बघायला लागतं.